न गायलेले तिसरे कडवे

सुरी ज्याने घडवली त्याची खूण तिच्या पात्यावर उमटलेली असावी, हा शेफील्ड शहराचा फार जुना न्याय आहे, आणि तो योग्यच आहे. कर्त्याने आपल्या कृतीवर हक्क सांगावा, यात अधर्म कसला? परंतु याच शहराच्या वायव्येस, टेकड्यांच्या खांद्यावर वसलेल्या गावांत, गाण्याच्या बाबतीत नेमका उलटा न्याय चालत आलेला आहे. तिथे गाणे कोणी रचले हे विचारीत नाहीत, आणि ज्याला स्वतःचे नाव विसरवत नाही त्याचे गाणे कोणी कंठात घेत नाहीत. हे दोन्ही न्याय ज्या एकाच हृदयात लहानपणापासून नांदत आले, त्या हृदयाने अखेर कोणाला शरण जावे, हा प्रश्न ब्रायनी शर्टक्लिफ हिच्यापुढे वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, नोव्हेंबरातल्या एका शनिवारी, बाजारात आईसाठी पार्किनच्या वड्या घेताना उभा राहिला.

दुकानातली बाई आले-काकवीच्या त्या काळसर वड्या कागदात गुंडाळीत होती आणि गुंडाळता गुंडाळता गात होती. भाजी निवडताना बायका गातात तसे. शब्द अर्धे ओठांत, अर्धे नाकात. ‘भट्टी निवली, पाळी सुटली, बर्फ पडे वाटेत, दिवा असू दे, सखे, तुझा तो खिडकीच्या काठात.’ ब्रायनीच्या हातातली पिशवी तशीच राहिली.  कारण ते गाणे तिचे होते. तिची पुष्कळ गाणी या शहरात कोणीही, कुठेही गुणगुणत असे. त्याचे तिला आता नवल राहिले नव्हते. पण हे गाणे तिने कधी ध्वनिमुद्रित केले नव्हते, कोणत्याही मंचावर म्हटले नव्हते, परवापर्यंत कोणाला दाखवलेही नव्हते. अकरा वर्षांपूर्वी ते एकदाच, तेही अपुरे, लोकांसमोर तिच्या तोंडून बाहेर पडले होते आणि त्यानंतर तिने ते एखाद्या अपराधासारखे पुरून टाकले होते. शिवाय ही बाई शेवटची ओळ दोनदा घेत होती, दुसऱ्या वेळी वर चढवून. तसे तर तिने केलेच नव्हते.

“हे कुठलं गाणं?” ब्रायनीने विचारले.

“हे? जुनं आहे, पोरी. आमच्या हेलमूरचं. तुम्हाला कुठनं ठाऊक असणार! तुम्हाला कानात बोंडं घालून धडाधडा वाजणारं लागतं.”

“जुनं म्हणजे किती?”

“आता काय सांगू! मी लग्न होऊन तिथं गेले त्याला तीन वर्षं झाली. आमचे हे म्हणतात, त्यांच्या आज्याच्या वेळचं आहे. पण ते कशालाही तसंच म्हणतात. आमच्या सोफ्यालासुद्धा.”

“पण लिहिलं कोणी?”

बाईने गाठ मारताना वर पाहिले. “गाणी काय कोणी लिहितं होय? गाणी असतात.” आणि मग डोळे बारीक करून, “तुझा चेहरा ओळखीचा वाटतो ग. ती टीव्हीवर गाणारी नाही का... पण नाही, ती तुझ्याहून उंच आहे. आणि जरा नीटनेटकी असते. उद्या रविवार, दुपारी बाराला ये वूलपॅकमध्ये, ऐकायचं असेल तर. माझं, मॉरीनचं नाव सांग. आणि उभं राहायची तयारी ठेव, खुर्ची मिळायची नाही.”

टोपी कपाळावर ओढून ती चढावर जाणाऱ्या बसमध्ये बसली. मांडीवरच्या पुडीतून आल्याचा वास येत होता आणि तो वास तिला जिथे जायचे नव्हते तिथेच घेऊन चालला होता. वूलपॅक म्हणजे हेलमूरचा पब. त्याची मागची खोली. शेकोटीच्या उजव्या हाताला आजोबांची जागा. आजोबा म्हणजे आर्थर, आईचे वडील. चाळीस वर्षे पोलादाच्या भट्टीवर काढलेला, बोलताना पुटपुटणारा आणि गाताना जमिनीखालून आल्यासारखा खर्ज लावणारा मनुष्य. युद्धस्मृतीचा रविवार सरला की त्या खोलीत नाताळची गाणी सुरू होत. चर्चमधली सर्वांना पाठ असलेली गाणी ती नव्हेत. चर्चने कधी काळी गडबड फार होते म्हणून बाहेर काढलेली, या टेकड्यांनी दत्तक घेतलेली. पुरुष एक ओळ टाकीत, बायका ती वरच्या वर झेलीत, पुन्हा पुरुष खालून तिला धक्का देत, आणि त्या लाटांत चार वर्षांची ब्रायनी आजोबांच्या गुडघ्यावर बसून त्यांच्या बरगड्यांतून गाणे ऐके. कानांआधी तिने पाठीने ऐकले होते. पुढे लंडनच्या एका पत्रकाराने तिला विचारले, तुम्ही संगीत कुठे शिकलात? तेव्हा तिला पाठ असे सांगावेसे वाटले होते. तिने शाळेचे नाव सांगितले.

सोळाव्या वर्षी ऑक्टोबरात आजोबा गेले. तिने गिटार घेऊन आईच्या स्वयंपाकघरात तीन दिवसांत गाणे रचले. पाळी सुटल्यावर बर्फातून टेकडी ओलांडून घरी येणारा तरुण आर्थर, आणि त्याला वाट दिसावी म्हणून खिडकीत दिवा ठेवणारी, ब्रायनीने कधी न पाहिलेली आजी. तीन कडवी झाली. तिसरे लिहिताना ती रडली आणि तेच सर्वांत चांगले आहे हे तिला रडतानाही कळत होते. या कळण्याची तिला थोडी लाजही वाटली. नोव्हेंबरातल्या रविवारी, दोन गाण्यांमधल्या शांततेत, शेकोटीजवळची रिकामी खुर्ची पाहता पाहता ती उठली आणि कोणी न सांगता, एकटीच गाऊ लागली. एक कडवे. दुसरे कडवे. तिसऱ्यासाठी श्वास घेतला आणि खट् असा आवाज झाला. वॉल्टर स्टॅनिफोर्थ यांनी ऑर्गनचे झाकण लावले होते. वॉल्टर म्हणजे गावच्या शाळेचे निवृत्त मास्तर, पन्नास वर्षे त्या ऑर्गनवर बसलेले. लोक पेले भरायला उठले, खुर्च्या सरकल्या, कोणी खोकले. त्या गलबल्यात त्यांनी तिला जवळ बोलावून हळूच विचारले, “कुणाचं हे?” ती अभिमानाने म्हणाली, “माझं.” त्यांचा चेहरा कठोर झाला असता तर तिला सोसले असते, तो दुःखी झाला. “इथं कुणी आपलं गात नाही, पोरी.”

तो खट् आवाज तिच्याबरोबर लंडनला गेला. जिथे सर्व जण आपलेच गातात, नव्हे, आपले गाण्यासाठीच जगतात, तिथे ती गेली, आणि तिने जिंकले. हे सांगताना संकोच करण्याचे कारण नाही. बिछान्यावर बसून ध्वनिमुद्रित केलेले तिचे एक गाणे महिनाभरात इतक्या लोकांनी ऐकले की तेवढी माणसे शेफील्डात राहत नाहीत. एकविसाव्या वर्षी गाण्यांचा पहिला संग्रह, तेविसाव्या वर्षी दुसरा. पारितोषिकाच्या रात्री आईने टाळ्या वाजवून वाजवून अंगठीचा खडा हरवला. मागच्या उन्हाळ्यात शहरातल्या फुटबॉलच्या मैदानात तीस हजार माणसांनी तिची ओळ तिच्याआधी उचलली आणि ती मायक्रोफोन खाली धरून नुसती उभी राहिली, आनंदाने थरथरत. तो आनंद खरा होता. पण प्रत्येक वेळी, पहिला सूर लावण्याआधीच्या क्षणी, छातीत कुठे तरी ते झाकण पडे. आणि मैदानातल्या त्या संध्याकाळीही, एवढे कंठ ऐकत असताना, तिच्या मनाने नकळत खर्ज शोधला होता. शेकोटीच्या उजव्या हाताचा. तो तिथे नव्हता.

गेले चौदा महिने तिला गाणे सुचले नव्हते. तिचा कारभार पाहणारा ज्युलियन, अधीर परंतु दुष्ट नव्हे असा मनुष्य, दर आठवड्याला विचारी: “खणात जुनं काहीच नाही का, ब्रायनी? एखादं तरी? अख्खा संग्रह मी उरलेल्यांवर ओढून नेतो, पण मधोमध एक खांब लागतो ग.” आणि परवाच ती म्हणून गेली होती, “एक आहे.” फोनवर गाऊन दाखवल्यावर तो म्हणाला, “हे तू सोळाव्या वर्षी लिहिलंस? आणि लपवून ठेवलंस? तुला अक्कल आहे का?” सोमवारी सकाळी ध्वनिमुद्रण ठरले होते. सोमवार आता परवावर आला होता, आणि ते गाणे बाजारात मोकळे फिरत होते.

आईने पुडी सोडून एक वडी तोंडात टाकली आणि मग सर्व ऐकून घेतले.

“म्हणजे तुला माहीत होतं?”

“चार वर्षं गातायत की. मला कशी माहीत नसणार?”

“मला सांगितलं नाहीस!”

“तू विचारलंस? फोन केलास की हवामान विचारतेस.” आई बोटे पुसत म्हणाली. “वॉल्टरनी चार आवाजांत वाटून, लिहून आणलं एके वर्षी. लोकांना वाटलं, आर्थरचं जुनं असणार. त्याच्या नातीनं म्हटलं होतं ना एकदा, मधेच उठून. सोळा वर्षांच्या पोरीनं ते केलं असेल असं त्या खोलीत कुणाच्या डोक्यातसुद्धा येणार नाही. मीही म्हटलं, बाबांचं म्हणतायत, म्हणू देत.”

“पण ते माझं आहे, आई.”

“आहेच. मग सांग उद्या जाऊन. सांगशील?”

या प्रश्नाचे उत्तर तिने रात्रभर दोन्ही बाजूंनी दिले. तिने गाणे ध्वनिमुद्रित केले तर हेलमूरची माणसे म्हणतील, आपल्याच गावाचे जुने गाणे हिने उचलले आणि त्यावर नाव घातले. खरे सांगितले तर ती मानतील. आणि मानली की, त्यांच्या रीतीप्रमाणे, पुढच्या रविवारी ते गाणे निमूटपणे गळून पडेल. कोणी रागावणार नाही. फक्त कोणी ते सुरू करणार नाही. आणि काहीच केले नाही तर सोमवारी तिच्या हातात रिकामा कागद. वॉल्टरनी हे का केले असावे? एकदाच ऐकलेले, तेही ज्याच्यावर झाकण लावले ते, त्यांनी सात वर्षे कुठे ठेवले होते?

रविवारी बाराला खोली काठोकाठ भरली होती. खिडक्यांवर वाफ धरली होती. ओले कोट, बिअर आणि डुकराच्या भाजलेल्या मांसाचे पाव यांचा एकच घट्ट वास होता. कोणी तिच्याकडे पाहिले, कोणी ओळखले. पण त्या गावात ओळखल्याचे दाखवणे असभ्य समजतात. एका म्हाताऱ्याने मात्र सरकून जागा देताना म्हटले, “मैदानात माझ्या नातीला घेऊन आलो होतो. आवाज फार मोठा होता.” “माझा?” “नाही, त्या यंत्रांचा. तुझा बरा होता.” शेफील्डात याहून मोठी स्तुती नाही.

वॉल्टर ऑर्गनवर होते. अठ्ठ्याऐंशी वर्षांचे, बोटे मुळांसारखी वाकडी झालेली. त्यांनी तिला पाहिले आणि मान हलवली नाही. गाणी सुरू झाली. पहिल्याच लाटेत तिला तिची पाठ परत मिळाली. मागे उभ्या असलेल्या माणसांचा खर्ज तिच्या मणक्यातून वर चढला. अर्धा तास ती विचार विसरून बायकांच्या दुसऱ्या सुरात गात राहिली. आणि मग, कोणी नाव न घेता, कोपऱ्यातून मॉरीनने सुरुवात केली: ‘भट्टी निवली, पाळी सुटली...’

ते तिचे होते आणि नव्हते. स्वयंपाकघरात रचलेली ती एकाकी, बारीक चाल आता शंभर माणसांच्या खांद्यांवर होती. ‘खिडकीच्या काठात’ ही ओळ पुरुषांनी खाली ठेवली, बायकांनी उचलली, पुरुषांनी पुन्हा मागून धरली. वॉल्टरनी तिला जिने घातले होते, ओसरी घातली होती. जिथे एक मुलगी उभी होती तिथे घर बांधले होते. खर्जाची ती वाट तर नेमकी आर्थरच्या गळ्याच्या मापाची होती. इतक्या वर्षांत ज्या खर्जाला तिने जगभर शोधले तो तिच्याच गाण्याच्या तळाशी होता. दुसरे कडवे झाले. आणि तिसऱ्याच्या जागी सर्वांनी ओठ मिटले आणि नुसता सूर धरला.

“इथले शब्द हरवलेत,” म्हातारा तिच्या कानात म्हणाला. “फार जुनं ना.”

तेव्हा तिला उमगले. शब्द हरवले नव्हते. त्या खोलीने ते कधी ऐकलेच नव्हते. दुसऱ्या आणि तिसऱ्या कडव्याच्या मधे जे झाकण पडले होते, तिथेच हे गाणे चार हिवाळे थांबत आले होते. वॉल्टरना तिसऱ्या कडव्याची जागा मोकळी सोडून द्यावी लागली होती, आणि त्या जागेवर त्यांनी दुसऱ्या कोणाचे शब्द बसू दिले नव्हते. तिने ऑर्गनकडे पाहिले. वॉल्टर यांचे हात थांबले नव्हते. कडवे संपले तरी त्यांनी तोच सूर पुन्हा फिरवून घेतला, हलका केला, आणि वळून सरळ तिच्याकडे बघितले. त्या खोलीत सांगितल्याशिवाय कोणी एकट्याने गात नाही. तिला सांगितले गेले होते. छातीत झाकण पडण्याची तिने वाट पाहिली. ते पडले नाही.

‘मी न परतलो तरी, सखे, तो
दिवा नको मालवू;
येतिल कोणी दुसरे, चुकले,
वाट तयां दाखवू.’

तिचा आवाज मोठा नव्हता, आणि मोठा करण्याची गरज नव्हती. खाली शंभर मिटल्या ओठांचा सूर होता. चार ओळी संपल्या.  मग शेवटची ओळ पुरुषांनी उचलली, जणू ती त्यांना नेहमीच ठाऊक होती, बायकांनी ती वर नेली, पुन्हा, आणखी एकदा, रीतीबाहेर तिसऱ्यांदाही. खिडक्यांच्या काचा थरथरल्या आणि ब्रायनी त्या आवाजात कुठे होती हे तिलाही कळेनासे झाले. मैदानातला तो दिवस तिला आठवला नाही. काहीच आठवले नाही. ती गात होती, बस्स.

मॉरीन कोपरे मारीत गर्दीतून आली. “अगं, तूच का ती! बाजारात बोलली नाहीस! आणि हे कडवं कुठं सापडलं तुला?”

“आर्थर माझे आजोबा.”

“मग बरोबर! घरातच राहिलं असणार. बघा, मी म्हणत नव्हते, कुठंतरी असणार म्हणून? आमच्या ह्यांना आता दम निघायचा नाही, त्यांच्याही आज्याला ते येत होतं म्हणतील.”

वॉल्टरनी पिवळा पडलेला स्वरांचा कागद पुढे केला आणि पेन्सिल. “लिहून दे. मला आता एकदा ऐकून राहत नाही.” मग डोळे न उचलता, “वरचा सूर जरा घसरला.”

“अकरा वर्षं घसरलेलाच होता, मास्तर.”

“झाकण जड होतं ग,” ते म्हणाले. “मलाही उचलायला सात वर्षं लागली.”

तिने चार ओळी लिहिल्या. कागदाच्या डोक्यावर, उजवीकडे, रचणाऱ्याच्या नावाची जागा कोरी होती. पेन्सिल तिथे गेली. या शहरातल्या सुरीवर खूण असते. हात आपोआप जातो. वॉल्टर बघत होते, आणि त्यांनी आता काहीही म्हटले नसते. नाव लिहिले असते तर कागद घडी घालून खिशात ठेवला असता, एवढेच. तिने पेन्सिल उलटी करून त्यांच्या वाकड्या बोटांत दिली. ते देताना तिला आपण काही गमावतो आहोत असे वाटले नाही, याचे तिला पुढे पुष्कळ दिवस नवल वाटत राहिले.

बाहेर थंड, स्वच्छ ऊन पडले होते. तिने ज्युलियनला फोन लावला.

“ते गाणं नाही मिळणार.”

“म्हणजे काय? सोमवार, ब्रायनी! उद्या! का नाही?”

“ते जुनं निघालं,” ती म्हणाली, आणि इतकी हसली की त्यालाही पलीकडे, कारण न कळता, हसू आले.

“मग मी उद्या काय घेऊन बसू?”

ती उतरणीला लागली होती. मागे खोलीत पुढचे गाणे सुरू झाले होते, आणि त्याच्या लयीत न बसणारे काही तरी तिच्या पावलांत वाजत होते. चौदा महिन्यांत पहिल्यांदा. ते कोणाचे आहे, हे तिने थांबून तपासले नाही. “थांब जरा,” ती म्हणाली, “मला ऐकू दे.”

ज्याने झाकण लावले आणि ज्याने ते पुन्हा उचलले, त्या हातांना ऊब मिळो. बाजारातल्या त्या बाईचा गळा थंडीत बसू नये. ज्याच्यासाठी पहिला दिवा लागला आणि जिने तो लावला, त्या दोघांना शांती लाभो. आणि टेकडी उतरणाऱ्या त्या मुलीला, पुढे जिथे कुठे अंधार पडेल तिथे, कोणाची तरी एक खिडकी उजळलेली दिसो.